दुसऱ्याच्या वखारीतील आपला माल : जप्ती आणि त्रयस्थाचा हक्क

आपल्या धंद्यात माल एका जागी आणि मालकी दुसऱ्या जागी, हा नित्याचा प्रकार आहे. हंगामात स्वतःची वखार भरली की खरेदी केलेली पोती विकणाऱ्याच्याच वखारीत काही दिवस राहतात. आडत्याकडे विक्रीसाठी पाठविलेला माल भाव येईपर्यंत त्याच्याकडे पडून असतो. जांगड दिलेला माल गिऱ्हाइकाच्या पसंतीची वाट पाहत असतो. तारणाच्या मालाला कुलूप बँकेचे आणि नाव आपले, असेही असते. हा सारा व्यवहार विश्वासावर चालतो आणि बहुधा सुरळीत पार पडतो. परंतु त्या वखारीच्या मालकावर कोणाचा तरी हुकूमनामा होऊन बेलीफ दाराशी येतो, त्या दिवशी विश्वासाचा काही उपयोग होत नाही. बेलीफाच्या वॉरंटात आपले नाव नसते; माल मात्र आपला जातो.

जो दाव्यात वादीही नाही आणि प्रतिवादीही नाही, अशा त्रयस्थाने जप्त झालेल्या मालावर आपली मालकी न्यायालयापुढे कशी मांडावी, हा प्रस्तुत लेखाचा विषय आहे. आम्ही वकील नव्हे. मॅट्रिकनंतर थेट दुकानाच्या गादीवर बसलेले धान्यव्यापारी आहोत. या विषयात एकदा आम्ही हरलो, एकदा आमच्या लेकीने बाजी राखली, आणि या दोहोंच्या मध्ये एकदा एका आप्ताला नकार द्यावा लागला. त्या तिन्ही प्रसंगी जे शिकावे लागले ते सभासद बंधूंच्या आणि त्यांच्या घरच्या मंडळींच्या उपयोगी पडेल, म्हणून येथे मांडीत आहोत. विक्रीकर, आयकर यांची वसुली किंवा बँकांची २००२ च्या कायद्याखालील कारवाई यांचे मार्ग निराळे आहेत. येथे केवळ दिवाणी दाव्यातील जप्तीचा विचार केला आहे.

हा हक्क नवा नाही. १८५९ च्या पहिल्या दिवाणी प्रक्रिया संहितेत तो कलम २४६ मध्ये होता, १८८२ च्या संहितेत कलम २७८ ते २८३ मध्ये आला, आणि १९०८ च्या संहितेत आदेश २१ च्या नियम ५८ पासून ६३ पर्यंत मांडला गेला. गोव्यातील आपल्या सभासदांच्या पूर्वजांना १९३९ च्या पोर्तुगीज संहितेप्रमाणे चालावे लागे. तेथे भारतीय संहिता लागू झाली ती १९६६ साली. १९०८ च्या मूळ नियमांत एक मोठी उणीव होती. हरकत आल्यावर न्यायालय थोडक्यात चौकशी करी, आणि तीत मुख्यतः एवढेच पाही की, जप्तीच्या दिवशी माल कोणाच्या ताब्यात होता आणि तो कोणाच्या वतीने होता. खरी मालकी कोणाची, हा प्रश्न तेथे सुटत नसे. ज्याच्या विरुद्ध हुकूम होई त्याने एका वर्षाच्या आत स्वतंत्र दावा लावावा, नाहीतर तोच हुकूम कायम होई.

आमच्या वडिलांनी हा फेरा पाहिला होता. १९६६ साली त्यांची ८० पोती ज्वारी दुसऱ्याच्या वखारीत असता जप्त झाली. हरकत फेटाळली गेली, कारण ताबा वखारवाल्याचा होता. वडिलांनी वर्षाच्या आत दावा लावला आणि १९७३ साली तो जिंकला. तोवर ज्वारी कधीच लिलावात जाऊन लोकांच्या पोटात गेली होती. हाती आली ती लिलावाची तुटपुंजी रक्कम. आम्ही लहान होतो. पण कोर्टाच्या तारखेच्या दिवशी घरात कोणी मोठ्याने बोलत नसे, हे अजून आठवते.

१९७६ चा सुधारणा कायदा १ फेब्रुवारी १९७७ पासून अमलात आला आणि हा दुहेरी फेरा संपला. आज नियम ५८ प्रमाणे हरकत-अर्ज आला की, मालकी, हक्क, हितसंबंध हे सर्व प्रश्न त्याच न्यायालयाने त्याच अर्जात निकालात काढावयाचे असतात. वेगळा दावा लावता येत नाही. न्यायालय जप्ती सर्व वा अंशतः उठवू शकते, अर्ज फेटाळू शकते, किंवा दुसऱ्याचा तारणहक्क वा बोजा मान्य करून त्या बोजासह जप्ती चालू ठेवू शकते. हा हुकूम हुकूमनाम्यासारखाच मानला जातो आणि त्यावर तसेच अपील चालते. याचा अर्थ व्यापाऱ्याने नीट समजून घ्यावा. पुरावा द्यावयाची खरी संधी एकच आहे. पूर्वी चौकशीत कमी पडलेले कागद पुढच्या दाव्यात आणता येत. आता अर्जाच्या वेळी घरात राहिलेला कागद पुढे अपिलात आणणे फार अवघड जाते.

त्याच नियमात दोन दारे बंद केली आहेत. माल आधीच विकला गेला असेल तर हरकत-अर्ज दाखल करून घेतला जात नाही. हरकत मुद्दाम किंवा विनाकारण उशिरा आणली आहे असे न्यायालयास वाटले तरीही घेतला जात नाही. अशा वेळी हक्क प्रस्थापित करण्यासाठी स्वतंत्र दावा उरतो, आणि वडिलांची सात वर्षे पुन्हा आपल्या वाट्यास येतात. विक्रीचा जाहीरनामा न्यायालयाच्या इमारतीवर लागल्यापासून जंगम मालाच्या बाबतीत निदान सात दिवस आणि स्थावराच्या बाबतीत निदान पंधरा दिवस गेल्याशिवाय लिलाव होत नाही. सात दिवस म्हणजे एक बाजार-आठवडा. लवकर नासणारा माल तर बेलीफ लगेचच विकू शकतो. पावसाळ्यात पाझरू लागलेल्या गुळाची ढेप या सदरात येते की नाही, यावर वाद घालीत बसण्याइतका वेळ कोणालाच नसतो. आमच्या बेळगाव भागात आणखी एक अडचण आहे. जाहीरनामा बहुधा कानडीत असतो, आणि आपली पुष्कळ मंडळी तो भिंतीवर पाहून पुढे जातात. कानडी वाचणाऱ्याकडून तो त्याच दिवशी वाचून घ्यावा. जाहीरनामा लागून गेला असला तरी हरकतीचा निकाल होईपर्यंत विक्री थांबवावी, असा हुकूम नियम ५९ खाली मागता येतो. मात्र न्यायालय त्यासाठी जामीन किंवा अनामत मागू शकते.

बेलीफ माल उचलावयास येतो त्या क्षणी काय करावे, हेही सांगितले पाहिजे. बेलीफ हा न्यायाधीश नव्हे. मालकी कोणाची हे ठरविणे त्याचे काम नाही, आणि त्याच्याशी हुज्जत घालण्यात अर्थ नाही. परंतु आपण हजर असल्यास आपले म्हणणे पंचनाम्यात लिहून घ्यावयास लावावे आणि खाली सही करावी. तोच माल आपल्या सुपूर्त करून बेलीफ जाणार असेल, तर सुपूर्तनाम्यावर ‘माझ्या मालकीच्या हरकतीस बाध न येता’ असे लिहिल्याशिवाय सही करू नये. ऋणकोचा माल म्हणून आपण तो सांभाळण्यास घेतला, असा त्या कोऱ्या सहीचा अर्थ पुढे वादीचे वकील लावतात. राहत्या घरात बेलीफाला सूर्यास्तानंतर आणि सूर्योदयापूर्वी शिरता येत नाही. आपण जे रात्रिभोजनाच्या बाबतीत पाळतो ते संहितेने जप्तीच्या बाबतीत पाळले आहे, असे आमचे एक स्नेही गमतीने म्हणत.

आता आमच्या पराभवाची हकीकत. १९९४ साली हंगामात आम्ही एका आडत दुकानाकडून २०० पोती हरभरा घेतला. रक्कम धनादेशाने चुकती केली आणि पावती घेतली. आमच्या वखारीत तूर भरलेली होती, म्हणून हरभरा पंधरा दिवस त्यांच्याकडेच राहू द्यावा असे तोंडी ठरले. नवव्या दिवशी त्या दुकानावरील एका जुन्या हुकूमनाम्याची दरखास्त बजावणीस आली. (मुंबई इलाख्याच्या दिवसांपासून आमच्याकडे बजावणीच्या अर्जाला दरखास्तच म्हणतात.) वखारीत ५४० पोती हरभरा होता. तो सर्व जप्त झाला. आम्ही चार दिवसांत हरकत-अर्ज दिला. बिल होते, धनादेश वटल्याचा बँकेचा उतारा होता, आमच्या कीर्दीत आणि खतावणीत नोंद होती. आता कसली काळजी, असे आम्ही समजत होतो.

साक्ष आमच्या दिवाणजींची झाली. तीस वर्षे आमच्याकडे असलेले, अक्षर मोत्यासारखे आणि हिशेब कधी न चुकणारे गृहस्थ. वादीच्या वकिलांनी त्यांना वह्यांविषयी फारसे विचारलेच नाही. त्यांनी एकच प्रश्न केला : “आत्ता तुम्हांला त्या वखारीत नेले, तर ५४० पोत्यांपैकी तुमची २०० कोणती हे बोट ठेवून सांगाल का?” दिवाणजी क्षणभर थांबले आणि म्हणाले, “नाही, साहेब. ती निराळी काढलेली नव्हती.” कोपऱ्यातील कुठल्याही थप्पीकडे बोट दाखविले असते तर कदाचित खपून गेले असते. बाहेर आल्यावर आमच्या धाकट्या बंधूंनी त्यांना तसे बोलूनही दाखविले. दिवाणजी काही बोलले नाहीत. आम्ही मात्र त्या दिवशी बंधूंना आवरले नाही, याची खंत आजही आहे.

अर्ज फेटाळला गेला. न्यायाधीशांनी १९३० च्या मालविक्री कायद्याचे कलम १८ निकालात उतरविले होते. विकलेला माल नक्की कोणता, हे ठरल्यावाचून मालकी खरेदीदाराकडे जात नाही. मोठ्या ढिगातून ‘२०० पोती’ असे म्हटल्याने फक्त करार होतो. ती २०० पोती निवडून, वजन करून, दोघांच्या संमतीने निराळी लावली म्हणजे मालकी बदलते. आम्ही पैसे दिले होते ते हरभऱ्याचे नव्हे, हरभरा मिळण्याच्या आश्वासनाचे, असा त्याचा अर्थ झाला. इंग्लंडमध्ये हा नियम फार कडक वाटला म्हणून १९९५ साली तेथील कायद्यात बदल करून, एकत्र ढिगातील माल पैसे देऊन घेणाऱ्यास त्या ढिगात हिस्सेदार मानले गेले. आपल्या १९३० च्या कायद्यात तशी तरतूद नाही. राहता राहिलो आम्ही त्या दुकानाचे साधे धनको. लिलावाच्या रकमेत कलम ७३ प्रमाणे प्रमाणशीर वाटा मागण्यासही, रक्कम न्यायालयात येण्यापूर्वी आपला हुकूमनामा होऊन त्याच्या बजावणीचा अर्ज गेलेला असावा लागतो. आमच्यापाशी हुकूमनामा कोठला!

त्याच वखारीत आणखी एका व्यापाऱ्याची ६० पोती होती, आणि ती सुटली. त्यांचे बिल आमच्याहून लहान होते आणि रक्कमही पूर्ण दिलेली नव्हती. पण त्यांनी खरेदीच्या दिवशी मापाड्याकडून तोल करवून तोलपट्टी घेतली होती, पोत्यांवर आपला मार्का रंगाने उठविला होता, थप्पी भिंतीच्या कडेला निराळी लावली होती, आणि ‘अमुक मार्क्याची ६० पोती खरेदीदाराची, आमच्याकडे केवळ ठेव’ अशी सही-तारखेची चिठ्ठी आडत्याकडून घेतली होती. दरमहा काही नाममात्र भाडे देऊन त्याची पावतीही ठेवली होती. तो सारा खटाटोप आम्ही हसण्यावारी नेला असता.

हाच अनुभव दुसऱ्या बाजूनेही लक्षात घ्यावा. माल विकणाऱ्याकडे राहू दिला आणि त्याने तोच माल दुसऱ्या, अजाण खरेदीदारास विकून ताब्यात दिला, तर कलम ३० प्रमाणे तो दुसरा खरेदीदार मालक ठरतो, आपण नव्हे. म्हणून माल हलविता येत नसेल तर निदान त्याची ओळख तरी हलवून आपल्याकडे आणावी. घाऊक पोत्यांतील धान्याला कर नसल्यामुळे वाहतुकीच्या ई-वे बिलाचा पुरावा आपल्या धंद्यात पुष्कळदा मिळत नाही. बाजार समितीच्या आवारातील तोलपट्टी, हमालीची पावती, मार्का आणि ठेवचिठ्ठी यांनाच त्यामुळे किंमत. वह्यांचे महत्त्व आहेच. नियमितपणे ठेवलेल्या हिशेबवहीतील नोंद पुराव्यात घेतली जाते. पण केवळ त्या नोंदीवर दुसऱ्याची जबाबदारी शाबीत होत नाही, हे १८७२ च्या पुरावा कायद्यात होते आणि १ जुलै २०२४ पासून आलेल्या नव्या पुरावा कायद्यातही आहे. सुटे कागद आणि खिशातल्या चिठ्ठ्या यांना तर ‘हिशेबवही’ म्हणताच येत नाही, असा सर्वोच्च न्यायालयाचा १९९८ चा निर्णय आहे. बांधीव वहीतील त्याच दिवशीची नोंद आणि मालावरील खूण यांची सांगड बसली पाहिजे.

तारणाच्या मालाविषयी एक दिलासा आहे. १९७१ साली सर्वोच्च न्यायालयाने बँक ऑफ बिहारच्या प्रकरणात असे ठरविले की, बँकेकडे तारण ठेवलेली साखर सरकारने ताब्यात घेऊन विकली तरी बँकेचा तारणहक्क नष्ट होत नाही. आधी बँकेचे देणे भागले पाहिजे. आपण कोणास माल तारण घेऊन रक्कम देत असू, तर तेच तत्त्व आपल्याही कामी येते. मात्र तारण म्हणजे कागदावरचा शब्द नव्हे. माल आपल्या ताब्यात, आपल्या कुलुपाखाली असला पाहिजे.

भागीदारीच्या दुकानांनी एवढे तरी ध्यानात ठेवावे की, एका भागीदाराच्या खासगी कर्जाबद्दल दुकानाचा माल जप्त करता येत नाही. आदेश २१ चा नियम ४९ तसे स्पष्ट सांगतो. धनकोला फार तर त्या भागीदाराच्या हिश्श्यावर बोजा निर्माण करून घेता येतो. एकत्र कुटुंबाची गोष्ट निराळी. कर्त्याने कुटुंबाच्या धंद्यासाठी केलेल्या कर्जाला कुटुंबाची मालमत्ता जबाबदार राहते आणि मुलाची हरकत तेथे टिकत नाही. परंतु वडिलांच्या खासगी कर्जासाठी ‘मुलाने पितृऋण फेडावे’ या धार्मिक कर्तव्याच्या आधारे मुलाचा हिस्सा ओढता येत असे, तो आधार ९ सप्टेंबर २००५ नंतरच्या कर्जांपुरता संसदेने काढून घेतला आहे. हिंदू वारसा कायदा जैनांनाही लागू असल्याने हे आपल्या घरांनाही लागू आहे.

जागेच्या व्यवहारातही अशीच घडी आहे. गाळा विकत घेण्याचा करार आधी झाला, त्यानंतर विकणाऱ्यावर जप्ती आली, आणि खरेदीखत जप्तीनंतर झाले, तर आधीच्या कराराचा हक्क जप्तीहून वरचढ ठरतो, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९० साली ठरविले. पुढे १ जुलै २००२ पासून कलम ६४ मध्ये पोटकलम घालून, जप्तीपूर्वी झालेल्या आणि नोंदलेल्या कराराप्रमाणे केलेल्या हस्तांतरणास संरक्षण दिले गेले. ‘नोंदलेल्या’ या शब्दाकडे लक्ष द्यावे. मुद्रांकाचे चार पैसे वाचविण्यासाठी करार पेटीत ठेवून देणाऱ्यांची आपल्यात वाण नाही.

दाव्याचा निकाल लागण्यापूर्वीच प्रतिवादीचा माल जप्त करण्याची सोय आदेश ३८ मध्ये आहे. ती सहज मिळू नये. प्रतिवादी धनकोस बुडविण्याच्या हेतूने माल हलवीत आहे, अशी न्यायालयाची खात्री पटावी लागते, आणि हे साधन बिनतारणाच्या कर्जाला तारणाचे रूप देण्यासाठी वापरू नये असे सर्वोच्च न्यायालयाने २००८ साली बजाविले आहे. अशी जप्ती झाली तरी त्रयस्थाचे आधीचे हक्क अबाधित राहतात, आणि त्याची हरकतही नियम ५८ च्याच पद्धतीने ऐकली जाते. शेतकऱ्याच्या ताब्यातील शेतमाल तर निकालापूर्वी जप्त करताच येत नाही.

आता ज्या प्रसंगाविषयी लिहावे की न लिहावे असा आम्ही बरेच दिवस विचार केला, तो प्रसंग. संबंधितांची संमती घेऊन लिहीत आहोत. २०१४ साली आमच्या व्याह्यांवर दुसऱ्या गावच्या एका पेढीचा हुकूमनामा झाला आणि त्यांच्या वखारीतील डाळ जप्त झाली. दुसऱ्याच दिवशी ते आमच्याकडे आले. चहा समोर निवत होता. ते म्हणाले, “अण्णा, तुम्ही नुसती सही करायची. मागच्या तारखेची बिले मी लिहून आणतो. १५० पोती तुमची म्हणून सुटली की दोन्ही घरांचे भले होईल. तुमचा मार्का सगळ्यांना माहीत आहे.”

आम्ही लगेच नाही म्हटले, असे लिहिण्यास आवडले असते. तसे झाले नाही. “उद्या सांगतो” म्हणालो, आणि दोन दिवस सांगितले नाही. लेक त्या घरात होती. १९९४ च्या पराभवानंतर खुणांचे, चिठ्ठ्यांचे आणि तोलपट्ट्यांचे आम्ही एवढे शास्त्र करून ठेवले होते की, खोटी हरकत खरीसारखी उभी करणे आम्हांला अवघड नव्हते. ही गोष्टच आम्हांला अधिक बोचली.

कायद्याच्या बाजूने पाहता जप्ती चुकविण्यासाठी मालावर खोटा हक्क सांगणे हा १८६० च्या दंडसंहितेत कलम २०७ प्रमाणे दोन वर्षांपर्यंतच्या कैदेचा गुन्हा होता, आणि तिच्या जागी १ जुलै २०२४ पासून आलेल्या न्याय संहितेतही तो गुन्हाच आहे. खोट्या साक्षीची शिक्षा त्याहून मोठी. धनकोंना बुडविण्यासाठी केलेले स्थावराचे हस्तांतरण धनकोस रद्द करून घेता येते, हे मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५३ मध्ये आहे. पण ते दोन दिवस आमच्या मनात घोळत होते ते निराळेच. दशलक्षण पर्वात सातव्या दिवशी तत्त्वार्थसूत्राच्या सातव्या अध्यायाचे वाचन होते. तेथे सत्याणुव्रताचे जे अतिचार उमास्वामींनी सांगितले आहेत, त्यांत कूटलेखक्रिया आहे आणि न्यासापहारही आहे. खोटा दस्त लिहिणे आणि दुसऱ्याची ठेव दडपणे, हे दोन्ही एकाच सूत्रात. मागच्या तारखेचे बिल ही शुद्ध कूटलेखक्रिया होती. आणि ज्या धनकोचे पैसे व्याह्यांकडे अडकले होते, त्याला बुडविणे हे न्यासापहाराहून फार दूर नव्हते. त्या धनकोच्या जागी १९९४ साली आम्हीच तर होतो. शिवाय अशा हरकतींमुळेच न्यायालये प्रत्येक त्रयस्थाकडे ऋणकोचा हस्तक म्हणून पाहू लागतात. आमच्या दिवाणजींनाही उलटतपासात तसेच सुचविले गेले होते.

तिसऱ्या दिवशी आम्ही स्वतः त्यांच्या घरी गेलो आणि जमणार नाही असे सांगितले. धनकोशी हप्त्यांची तडजोड करण्यास पैशाची मदत देऊ केली. ती त्यांनी घेतली नाही. त्यानंतर तीन वर्षे त्यांनी आमच्या घरी पाऊल ठेवले नाही, आणि लेकीचे माहेरपण या मुदतीत दोन दिवसांवर आले.

डाळ लिलावात गेली तरी हुकूमनामा पुरता फिटला नाही. दोन महिन्यांनी बेलीफ व्याह्यांच्या घरी आला आणि कपाटातील दागिने जप्त झाले. त्यांत आमच्या लेकीचे होते. हुकूमनामा केवळ सासऱ्यांवर होता. लग्नात मुलीला मिळालेले दागिने हे तिचे स्त्रीधन, त्यावर पतीचा किंवा सासऱ्याचा हक्क नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८५ साली निःसंदिग्धपणे सांगितले आहे. मंगळसूत्रासारखा, धर्माच्या रूढीप्रमाणे स्त्रीने अंगावेगळा करावयाचा नसतो असा अलंकार तर कलम ६० प्रमाणे मुळी जप्तच होत नाही. तो बेलीफाने घेतलाही नव्हता. बाकीच्यांसाठी लेकीने स्वतःच्या नावाने हरकत-अर्ज दिला. अर्जदार तीच असणे आवश्यक होते. दागिने तिचे होते, आमचे नव्हते.

पंचनामा पाहून आम्ही चकित झालो. ‘पिवळ्या धातूच्या पाटल्या, नग २, पिवळ्या धातूची माळ, नग १’ असे लिहिलेले. वजन नाही, घडण नाही. अशा पंचनाम्यावरून आपली पाटली कोणती आणि सासूबाईंची कोणती, हे कसे शाबीत करावयाचे? हरभऱ्याच्या ढिगाची आठवण झाली. पण या वेळी खूण होती. सोनाराच्या २०११ च्या पावत्यांवर प्रत्येक दागिन्याचे वजन होते. आमच्या कीर्दीत त्याच तारखांना विवाहखर्चाच्या नोंदी होत्या. आणि लग्नाच्या वेळी दोन्ही पक्षांच्या सहीने केलेली याद होती. अशी याद ठेवावी, तिच्यावर वधू-वरांच्या सह्या असाव्यात, असे १९८५ च्या केंद्रीय नियमांनी सांगितले आहे. आपल्याकडे ते किती घरांत पाळले जाते हे सभासदांनी आपापल्या घरी विचारून पाहावे. आमच्या सौभाग्यवतींच्या आग्रहावरून ती केली होती. आम्ही तेव्हा कुरकुर केली होती, की व्याह्यांना संशय वाटेल.

न्यायालयाने दागिने समोर आणवून सोनाराकडून तोलविले. पाटल्या, तोडे, बांगड्या यांची वजने पावत्यांशी जुळली. आजीकडून आलेल्या मोहनमाळेची पावती नव्हती. ती यादीत सातव्या क्रमांकावर होती आणि लग्नाच्या छायाचित्रात लेकीच्या गळ्यात होती, म्हणून सुटली. कुड्यांची एक जोडी उरली. वकिलांनी विचारले, ही तुमची का? लेक म्हणाली, “लग्नानंतरच्या दिवाळीला मामंजींनी आणली. मला वापरायला दिली की कायमची दिली, हे कधी बोलणे झाले नाही.” सासरे मागच्या बाकावर बसले होते.

चार महिन्यांत हुकूम झाला. अकरा नग लेकीच्या सहीने परत मिळाले. या वेळी पावतीवर प्रत्येकाचे वजन लिहून घेतले. कुड्यांची जोडी जप्तीत राहिली आणि पुढे लिलावात गेली. निकालाच्या दिवशी कोर्टाच्या पायऱ्यांवर व्याही आमच्याशी बोलले नाहीत. मात्र लेकीच्या हातातील पिशवी त्यांनी घेतली आणि गाडीपर्यंत स्वतः उचलून नेली.